गर्दीतल्या माणसाला जागा देणारा चित्रकार

सुधीर पटवर्धन यांच्या ‘लोअर परळ’ या २००१ सालच्या चित्रासमोर उभं राहिलं की नजर आधी कुठे ठेवावी, तेच कळत नाही. आडवं, ऐसपैस पसरलेलं चित्र. रेल्वेचे रूळ, त्यावरचा पूल, गिरण्यांची धुराडी, त्यांच्या पाठीमागून डोकं वर काढणाऱ्या नव्या इमारती आणि या सगळ्यातून आपापल्या वाटेनं निघालेली माणसं. चित्राला नायक नाही. ज्याच्याकडे बघून बाकीचं सोडून द्यावं असा एकही चेहरा चित्रकारानं पुढे केलेला नाही. त्यामुळे बघणाऱ्याला चित्रात शिरावं लागतं, पुलावरून जावं लागतं, पलीकडे उतरावं लागतं. एखाद्या नवख्या माणसाला परळला सोडावं आणि ‘जा आता, शोध तुझा पत्ता’ म्हणावं, तशी ही सुरुवात आहे.

थोडा वेळ गेला की चित्रातली एक गंमत ध्यानात येते. पूल दिसतो तो वरून, इमारती दिसतात त्या समोरून आणि माणसं दिसतात ती बरीच जवळून. एका जागी उभं राहून हे सगळं एका वेळी दिसणं शक्यच नाही. कॅमेरा कुठेही लावला तरी हे दृश्य असं मिळणार नाही. मग ही नजर कुणाची? माझ्या मते ती रोज येणाऱ्या-जाणाऱ्या माणसाची आहे. तो लोकलच्या दारातून थोडं बघतो, जिन्यावरून थोडं, पुलाच्या कठड्याशी क्षणभर रेंगाळून थोडं. अशी वर्षानुवर्षं तुकड्यातुकड्यांनी साठलेली जागा डोक्यात एकसंध होते. पटवर्धनांनी स्टेशनचा परिसर रंगवला आहे तो असा, प्रवाशाच्या डोक्यात मुरलेला. म्हणून तो नकाशाला धरून नसला तरी खोटा वाटत नाही. उलट ज्यानं तो रस्ता तुडवला आहे त्याला तो जास्त खरा वाटतो.

हे चित्र कोल्हापुरात बसून बघताना आणखी एक गोष्ट होते. लोअर परळ हे आपल्याकडच्या पुष्कळ घरांना परकं नाव नाही. आजरा, चंदगड, भुदरगड, गडहिंग्लज या तालुक्यांतल्या कितीतरी घरांतला एक कर्ता पुरुष मुंबईच्या गिरणीत होता. गावाकडे मनिऑर्डर यायची ती तिथून, आणि यात्रेला येणारा माणूसही तिथलाच. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले आणि त्यातले बहुतेक पुन्हा त्या दरवाजातून आत गेलेच नाहीत. १९९१ नंतर गिरण्यांच्या जमिनींचे नियम बदलले, त्या मोकळ्या होऊ लागल्या आणि भोंग्यांच्या जागी मॉल आणि ऑफिसं आली. पटवर्धनांचं चित्र या बदलाच्या ऐन मध्यावरचं आहे. धुराडं अजून पडलेलं नाही आणि टॉवर अजून सगळं व्यापून बसलेला नाही. दोघं एकाच आकाशात उभे आहेत. चित्रकार यावर शोक करत नाही, आणि ‘बघा प्रगती’ असंही म्हणत नाही. जुनं शहर आणि नवं शहर यांना एकच पूल आणि एकच स्टेशन पुरवून घ्यावं लागतं आहे, एवढं तो दाखवतो. गिरणी बंद झाली तरी गाडी त्याच फलाटाला लागते. उतरणारी माणसं तेवढी बदलली.

इथे मला आपल्या बाबूराव पेंटरांची आठवण होते. १९२५ मध्ये त्यांनी कोल्हापुरात ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला. सावकारानं जमीन गिळंकृत केल्यावर शेतकरी शहरात जातो आणि गिरणीत कामगार होतो, अशी ती कथा. तरुण व्ही. शांताराम त्यात शेतकरी झाले होते. बाबूराव मुळात चित्रकार, त्यामुळे पडद्यावरच्या देखाव्यामागेही त्यांचा रंगाचा हात होता. त्या मूकपटातला शेतकरी शहरात जातो, तिथे बाबूरावांची गोष्ट संपते. त्याची मुलं, नातवंडं पुढे कुठे राहिली, कोणत्या गाडीनं कामाला गेली, कुठे उतरली, याची चित्रं बघायची तर पटवर्धनांकडे यावं लागतं. दोघांचा काळ वेगळा, माध्यमं वेगळी, पण माणूस एकाच वंशावळीतला.

पटवर्धनांचा जन्म १९४९ चा, पुण्यातला. शिक्षण वैद्यकीचं. पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयातून १९७२ मध्ये ते डॉक्टर झाले, पुढे मुंबईला आले आणि १९७५ ते २००५ अशी तीस वर्षं त्यांनी ठाण्यात क्ष-किरणतज्ज्ञ म्हणून काम केलं. चित्रकलेचं रीतसर शिक्षण नाही. जे शिकले ते बघून, वाचून आणि करून. ठाणं हे गाव या कामाला मोठं अनुरूप होतं. १६ एप्रिल १८५३ रोजी देशातली पहिली प्रवासी रेल्वे बोरीबंदरहून निघाली ती चौतीस किलोमीटरवरच्या ठाण्यालाच पोहोचली होती. पुढे मुंबईच्या लोकलनं ठाण्याला मुंबईशी असं बांधून टाकलं की इथल्या माणसाचा दिवस घड्याळापेक्षा गाडीच्या वेळेवर चालू लागला. दिवसा दवाखाना, उरलेल्या वेळात कॅनव्हास, आणि दोन्हींच्या मधे रस्ते, पूल, फलाट, डबे. चित्रांचा विषय शोधायला त्यांना लांब जावं लागलं नाही. तो रोज त्यांच्या शेजारी उभा असे.

त्यांच्या सुरुवातीच्या चित्रांतली माणसं बघावीत. ‘इराणी रेस्टॉरंट’ हे १९७७ चं चित्र प्रसिद्ध आहे, आणि त्या सुमाराची इतरही चित्रं आहेत. ही माणसं देखणी नाहीत. जाड मनगटं, आखूड माना, जड खांदे. शरीर कुठे फुगलेलं, कुठे दबलेलं. आपल्याकडे कामगाराचं चित्र म्हटलं की एकतर पिळदार दंडाचा, मूठ उगारलेला वीर उभा राहतो, नाहीतर पोट खपाटीला गेलेला केविलवाणा जीव. पटवर्धनांनी दोन्ही टाळले. डाव्या विचारांशी त्यांची जवळीक होती, तरी त्यांचा कामगार घोषणा देत नाही. तो बसलेला असतो, उभा असतो, चाललेला असतो. त्याच्या शरीराला वजन आहे आणि ते वजन त्याचं त्यालाच पेलावं लागतं आहे, एवढं मात्र चित्र पक्कं सांगतं. जे शरीर आठ तास यंत्राशी उभं राहतं आणि मग दीड तास दांडीला लोंबकळतं, ते असंच होणार. त्यात दया नाही, कौतुकही नाही. निदान करणाऱ्या डॉक्टरची ती सवय असावी. आधी नीट बघायचं, मग बोलायचं.

यातून त्यांच्या कलेचा मुख्य गुण हाती लागतो. गर्दी रंगवायची म्हटलं की सोपी वाट म्हणजे डोक्यांचे ठिपके. लांबून बघितलं की माणसं मुंग्यांसारखी दिसतात, आणि मुंबईची किती चित्रं, किती छायाचित्रं तेवढ्यावर थांबलेली आहेत! चर्चगेटच्या लोंढ्याची दृश्यं बघून आपण ‘बापरे’ म्हणतो आणि पान उलटतो. पटवर्धनांच्या गर्दीत प्रत्येकाचं शरीर वेगळं राहतं. हा पोक काढून चालतो, त्याचा एक खांदा खाली आहे, तिसऱ्याची नजर कुठेच नाही. ती नजर मला या चित्रांतली सर्वात खरी गोष्ट वाटते. खच्चून भरलेल्या गाडीत माणूस समोरच्याच्या नाकासमोर उभा असतो आणि तरी त्याच्याकडे बघत नाही. बघायचं नसतं, हा अलिखित करार आहे. अंगाला अंग लागलेलं असताना एकांत टिकवायचा तो फक्त डोळ्यांनी. शहरातल्या माणसाची ही सभ्यता शब्दांत सांगायला पानं लागतील. पटवर्धन ती बुबुळांच्या दिशेनं सांगतात.

१९८१ चं ‘ओव्हरब्रिज’ हे चित्र या दृष्टीनं महत्त्वाचं. रेल्वेचा पादचारी पूल ही मोठी विचित्र जागा आहे. तिथे माणूस प्रवासी नसतो, कारण गाडीत बसलेला नसतो, आणि रस्त्यावरचा पादचारीही नसतो. घर मागे राहिलेलं, काम पुढे यायचं, आणि मधल्या दोन मिनिटांत खाली सगळं शहर पसरलेलं दिसतं. पटवर्धनांनी पूल पुन्हा पुन्हा हाताळला तो यासाठी असावा. पुलावरून माणूस जवळून दिसतो आणि शहर लांबून, आणि चित्रकाराला दोन्ही एका चौकटीत हवे असतात. पुढे या पुलांचा अर्थही बदलला. २९ सप्टेंबर २०१७ रोजी एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या पुलावर पावसात चेंगराचेंगरी झाली आणि २३ जण मेले. त्यानंतर पुलाचं कुठलंही चित्र निर्धास्तपणे बघता येत नाही. १९८१ मध्ये चित्रकारानं ज्या शरीरांना वजन आणि जागा दिली, त्यांना शहराच्या व्यवस्थेनं छत्तीस वर्षांनी पुलाची पुरेशी रुंदीही दिली नव्हती. चित्र भविष्य सांगत नसतं. माणूस किती जागा व्यापतो, हे या चित्रानं आधीच मोजून ठेवलं होतं, एवढंच.

त्याच साली, १९८१ मध्ये, ‘प्लेस फॉर पीपल’ हे प्रदर्शन झालं. भूपेन खख्खर, गुलाम मोहम्मद शेख, विवान सुंदरम, नलिनी मलानी, जोगेन चौधरी आणि पटवर्धन असे सहा चित्रकार त्यात होते. त्या वेळी अमूर्त चित्रकलेचा मोठा दबदबा होता. माणूस रंगवणं जरा मागासलेपणाचं मानलं जाई. या सहा जणांनी माणूस, त्याची गोष्ट आणि त्याची जागा पुन्हा चित्रात आणली. खख्खर आपल्या ओळखीच्या माणसांचं खासगी जग रंगवत होते, शेख आठवणींचं. पटवर्धनांच्या वाट्याला आला तो अनोळखी सहप्रवासी. तिघांतला हा सगळ्यात अवघड. ज्याचं नाव माहीत नाही, ज्याच्याशी कधी बोलणं होणार नाही, त्याला त्याच्या मोठेपणासकट रंगवायचं.

जगात हे काम आधी कुणी केलंच नाही असं नाही. फ्रान्सच्या ओनोरे दोमिए यांनी १८६०च्या दशकात ‘तिसऱ्या वर्गाचा डबा’ रंगवला. पुढच्या बाकावर मूल पाजणारी बाई, मांडीवर टोपली घेऊन बसलेली म्हातारी, तिच्या बाजूला झोपी गेलेला मुलगा, आणि पाठीमागे उंच टोप्या घातलेल्या माणसांची दाटी. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात असलेलं चित्र अपुरं आहे. रेखाटन मोठं करण्यासाठी आखलेल्या चौकटी त्यात अजून दिसतात. म्हातारी थेट आपल्याकडे बघते आणि आपण चाळवतो. मेक्सिकोच्या फ्रीडा काहलो यांनी १९२९ मध्ये ‘बस’ काढलं. एका लांब बाकड्यावर ओळीनं बाजाराची टोपली घेतलेली गृहिणी, निळ्या कपड्यातला कामगार, अनवाणी बसून बाळाला पाजणारी आदिवासी आई, खिडकीतून बाहेर बघणारा पोरगा, पैशाची थैली धरलेला गोरा आणि एक तरुणी. अख्ख्या समाजाची उतरंड एका बाकावर. दोघांची चित्रं थोर आहेत, पण दोघांनीही प्रवाशांना बसवलं आहे. आपल्यासमोर ते रंगमंचावर बसल्यासारखे आहेत आणि आपण प्रेक्षक. पटवर्धनांच्या चित्रात बघणाऱ्याला अशी सुरक्षित खुर्ची मिळत नाही. समोरची माणसं इतकी जवळ येतात की आपणही त्याच डब्यात, त्याच पुलावर उभे आहोत असं वाटतं. रणजित होस्कोटे यांनी २००४ मध्ये त्यांच्यावर लिहिलेल्या पुस्तकाला ‘द कॉम्प्लिसिट ऑब्झर्व्हर’ असं नाव दिलं, ते याच कारणानं पटतं. इथला बघणारा नामानिराळा नाही. गर्दीत त्याचाही वाटा आहे.

कौतुकाच्या भरात एक उणीव झाकू नये. हे जग बरंचसं पुरुषांच्या डब्यातून दिसलेलं आहे. पटवर्धनांच्या चित्रांत बायका आहेत, ‘रनिंग वुमन’सारखं १९७७ चं जोरकस चित्रही आहे. पण लोकलच्या बायकांच्या डब्यातलं जग, म्हणजे मांडीवर मेथी निवडणं, फेरीवालीकडून टिकल्या घेणं, चौथ्या सीटसाठीची भांडणं आणि दहा वर्षांच्या मैत्रिणींचे वाढदिवस, हे त्यात येत नाही. पुरुष चित्रकाराला ते बाहेरूनच दिसणार. हा त्यांचा दोष म्हणता येत नाही, पण मोकळी राहिलेली जागा नक्की आहे. ती भरायला कुणीतरी चित्रकर्ती त्या डब्यात वही घेऊन चढायला हवी.

पुढच्या काळात पटवर्धनांचा आवाका वाढत गेला. ‘उल्हासनगर’सारखी शहराच्या कडेची चित्रं आली, ठाण्याच्या टेकड्यांना भिडलेले कारखाने आणि वस्त्या आल्या. २०१४ मध्ये सात पटलांचं ‘मुंबई प्रोव्हर्ब्ज’ झालं. त्यात शहराचा इतिहासच ओळीनं मांडला आहे. २०१९ च्या अखेरीला मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात नॅन्सी अदजानिया यांनी त्यांच्या कामाचं मोठं सिंहावलोकन भरवलं. पटवर्धनांची आणखी एक कामगिरी चित्रांइतकीच मोलाची मानली पाहिजे. २००८-०९ मध्ये त्यांनी ‘विस्तारणारी क्षितिजे’ हे समकालीन भारतीय कलेचं प्रदर्शन जुळवून महाराष्ट्रातल्या शहरांत फिरवलं. मोठी चित्रं मुंबई-दिल्लीच्या गॅलऱ्यांत लागतात आणि तिथून घरांत किंवा गोदामांत जातात. ती ज्यांच्याबद्दल असतात त्यांच्यापर्यंत पोहोचत नाहीत. चित्र माणसांपर्यंत न्यायचं असेल तर चित्रालाही प्रवास करावा लागतो, हे या माणसानं नुसतं म्हटलं नाही, करून दाखवलं. आपण ज्यांना रंगवतो त्यांना चित्रात स्वतःची ओळख पटावी, अशी त्यांची भूमिका राहिली आहे. त्या भूमिकेचाच हा पुढचा भाग.

आता आपल्या गावाकडे येऊ. कोल्हापूरला ‘कलापूर’ म्हणतात ते उगाच नाही. आबालाल रहमान यांनी रंकाळा तलावाचा आणि पंचगंगेचा प्रकाश जलरंगात असा पकडला की पुढच्या पिढ्यांना निसर्गचित्राची वाटच सापडली. बाबूरावांनी वास्तवदर्शनाची शिस्त घालून दिली. आजही इथली पोरं पहाटे घाटावर बोर्ड लावून बसतात, आणि पाण्यातलं देवळाचं प्रतिबिंब त्यांच्या हातून सहसा चुकत नाही. हीच पोरं शिकत असताना स्केचिंगला मध्यवर्ती बसस्थानकावर जातात, रंकाळा स्टँडवर जातात. तिथे झोपलेला म्हातारा, गठुळ्यावर बसलेली बाई, टेकून उभा असलेला कंडक्टर हे सगळं वहीत येतं. पण प्रदर्शनाचं चित्र करायची वेळ आली की वही मिटते आणि पुन्हा रंकाळा सुरू होतो. स्टँडवरची माणसं सरावापुरती राहतात. त्यांच्यावर हात बसवायचा आणि मग सुंदर विषयाकडे जायचं, असा रिवाज पडून गेला आहे.

या रिवाजाला धक्का द्यायचं बळ पटवर्धनांच्या चित्रांत आहे. विषय तर इथे ढीगभर आहेत. गंगावेशीतून बुट्टी डोक्यावर तोलत केएमटीच्या बसमध्ये चढणारी भाजीवाली आणि ‘मावशी, बुट्टी मागं ठेवा’ म्हणणारा कंडक्टर. गोकुळ शिरगावची शिफ्ट सुटल्यावर हाताला फौंड्रीची काजळी लागलेले, खिडकीला डोकं टेकून झोपलेले कामगार. पास दाखवता दाखवता मोबाइलवर बोलणाऱ्या कॉलेजच्या मुली. मागच्या दाराला माणसं लोंबकळत गावापर्यंत जाणारी वडापची गाडी. मुंबईच्या लोकलएवढी गर्दी इथे नसेल, आणि त्याची गरजही नाही. मुंबईचा प्रवासी समोरच्याकडे बघत नाही. इथला बघतो, आणि ‘कुठल्या गावचं?’ म्हणून विचारतोसुद्धा. तेव्हा पटवर्धनांची नक्कल करून इथलं चित्र होणार नाही. त्यांच्याकडून घ्यायची ती एकच गोष्ट, ती म्हणजे अनोळखी माणसाला पूर्ण आकाराचं मानण्याची शिस्त.

माझं म्हणणं थोडक्यात असं. कलापूरच्या चित्रकारांनी स्टँडवरची वही आता मोठ्या कॅनव्हासवर उतरवावी. आणि अशी चित्रं शाहू स्मारकाच्या कलादालनात लागतील तेव्हा पहिलं निमंत्रण केएमटीच्या ड्रायव्हर-कंडक्टरांना आणि गंगावेशीच्या भाजीवाल्यांना द्यावं. चित्र जमलं की नाही, हे त्यांच्याइतकं नेमकं दुसरं कुणी सांगणार नाही.